रिकाम्या हातांना गाणं नाही

खोली बघायला गेले तेव्हा काकूंनी मला भाडं सांगितलं नाही की गाव विचारलं नाही. दार उघडलं, मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि विचारलं, "हात मोकळे आहेत ना तुझे?" मी हो म्हणायच्या आत विरजणाचं पातेलं पुढ्यात आलं आणि रवी हातात. डोंबिवली पूर्वेला, तिसऱ्या मजल्यावरच्या त्या स्वयंपाकघरात मी पर्स खांद्याला तशीच ठेवून ताक घुसळत होते आणि समोर सत्तरी ओलांडलेली एक बाई, अंगावर सुती साडी, पायात भर मे महिन्यात लोकरीचे मोजे, कुठल्यातरी भलत्याच भाषेत गात होती. रवी मंदावली की गाणं मंदावायचं, मग बाई डोळे वटारायच्या आणि मला जोर लावावा लागायचा. लोणी वर आलं तसं गाणं ओळीच्या मध्येच थांबलं. पुढे काय, असं मी भाबडेपणाने विचारलं, तर म्हणाल्या, "पुढे काय असणार? लोणी आलं." मग त्यांनी खोली दाखवली.

मी खानदेशातून आलेली, ठाण्यात खोपटच्या एका लॅबमध्ये दिवसभर लोकांचं रक्त तपासणारी. गाण्याशी माझा संबंध वरातीत नाचण्यापुरता. अशा मुलीला युरोपातल्या लोकगीतांचं आणि लोककथांचं चालतंबोलतं आणि बरंच खेकसणारं भांडार घरमालकीण म्हणून मिळालं. पहिले काही महिने मी दुसरी खोली शोधत होते, हेही सांगून टाकते.

काकूंचे यजमान कागदाच्या मशीनचे इंजिनिअर होते. कल्याणकडच्या एका गिरणीने त्यांना तरुणपणी फिनलंडला शिकायला पाठवलं आणि मग ते जिथे मशीन तिथे बिऱ्हाड असं करत फिनलंड, स्वीडन, स्कॉटलंड, आयर्लंड फिरत राहिले. ते मशीनपाशी आणि काकू शेजारणीच्या स्वयंपाकघरात. मूलबाळ नव्हतं, बाहेर गुडघाभर बर्फ, जाणार कुठे? शेजारणी काम करता करता गायच्या, काकू त्यांच्या हाताखाली राबायच्या आणि गाणं उचलायच्या. त्यामुळे त्यांना चार-पाच भाषा यायच्या, पण त्या चुलीजवळच्या आणि गोठ्यातल्या. दूध, मेंढी, मेल्या बाजूला हो, झोप गं बाई आता, हे सगळं फाडफाड. रेल्वेचं तिकीट मात्र त्यांना एकाही भाषेत काढता आलं नसतं. शिक्षण बी.एस्सी., विषय वनस्पतिशास्त्र, आणि त्याचा उपयोग त्यांनी गॅलरीतल्या तुळशीपलीकडे कधी केला नाही.

जात्यावर बसलं की ओवी सुचते, ही म्हण आपण सगळेच वापरतो. काकूंनी ती कायदा म्हणून घेतली होती. गाणं ज्या कामाचं, ते काम हातात असेल तरच गायचं. मेंढ्यांची लोकर पिंजायचं गाणं ऐकायचं असेल तर उशीतला कापूस पिंजा. जाळं विणायचं गाणं हवं असेल तर खाटेची नवार घट्ट करा. पाहुणे यायचे, म्हणायचे, काकू, ते स्कॉटलंडचं म्हणा ना एक, आणि काकू त्यांच्यापुढे सोलायला लसूण ठेवायच्या. बरेचसे पाहुणे पुन्हा आले नाहीत. जे आले त्यांच्या घरी लसूण कायम सोललेला असायचा, असं मी ऐकून आहे.

गोष्टींचाही असाच कायदा. दिवेलागणीआधी गोष्ट नाही. आयर्लंडात दिवसा गोष्ट सांगणं अशुभ मानतात, असं त्यांनी मला फार ऐटीत सांगितलं. मी म्हटलं, आमच्याकडेही दिवसा गोष्ट सांगितली की मामा वाट चुकतो. काकू एकदम खुर्चीतून उठल्या. माझ्याकडून सांगण्यासारखं काही निघेल अशी त्यांना आशाच नव्हती. त्या रात्री त्यांनी मला एका राजकन्येची लांबलचक गोष्ट सांगितली आणि शेवटी म्हणाल्या, "मीही होते त्या लग्नात. मला दूध दिलं, ते हनुवटीवरून ओघळलं, घशात थेंब गेला नाही." ही तिकडची गोष्ट संपवायची रीत. गोष्ट ऐकायला येऊन बसलेल्या शेजारच्या जोशीकाकूंना ती ठाऊक नव्हती. त्या आपल्या बरेच दिवस विचारत होत्या की लग्न कुणाचं होतं आणि दुधाला भांडं का नाही दिलं.

आता गायींचं. स्वीडनमध्ये डोंगरावर चरायला गेलेल्या गायींना बायका संध्याकाळी हाका मारून परत बोलावतात. ती हाक म्हणजे उंच, लांब पोचणारं गाणंच. काकूंच्या मनात ती अनेक वर्षं अडकून पडली होती, कारण काम नव्हतं. एका संध्याकाळी गच्चीवर पापड काढायला गेल्या असताना त्यांना खाली रस्त्यावर, कचऱ्याच्या कुंडीपाशी, तीन गायी दिसल्या. काकूंना राहवलं नाही. मी खाली भाजी घेत होते. वरून जी हाक आली, ती ऐकून भाजीवाल्याने वजनकाटा खाली ठेवला. आणि गायी निघाल्या. खोटं वाटेल, पण त्या माना वर करून, रिक्षांमधून वाट काढत, आमच्या फाटकातून आत आल्या. मागून आणखी कुठूनतरी दोन आल्या. पार्किंगमध्ये त्या शांतपणे उभ्या राहिल्या आणि सेक्रेटरींच्या नव्या गाडीला एकीने अंग घासलं.

सेक्रेटरी म्हणजे बँकेतून निवृत्त झालेले, शिस्तीचे गृहस्थ. त्यांनी फळ्यावर नोटीस लावली की सभासदांनी गच्चीवरून जनावरांना आमंत्रण देऊ नये. काकूंनी नोटीस वाचली आणि त्यांना जिन्यात गाठून म्हणाल्या की आमंत्रण नव्हतं, घरी बोलावणं होतं, आणि दोन्हींत फरक असतो. सेक्रेटरींना तो फरक पटला नाही. पुढे वर्षभर ते काकूंशी फक्त मेंटेनन्सबद्दल बोलत.

खडवलीची सहलही त्याच वर्षीची. स्कॉटलंडच्या बेटांवर बायका ओलं लोकरीचं कापड टेबलाभोवती बसून तालात आपटायच्या, म्हणजे ते दाट व्हायचं. त्याची गाणी काकूंकडे ढिगाने. त्यांनी सोसायटीच्या भजनी मंडळातल्या बायकांना पटवलं की दिवाळीआधी सगळ्या गोधड्या नदीवर नेऊन धुवू, गात गात. तिकडे कापड भिजवायला माणसांचं साठवलेलं मूत वापरत, हे त्यांनी उत्साहाने सांगितल्यावर दोघींनी नावं मागे घेतली. आपण साबणच वापरणार, अशी मी समजूत घातली तेव्हा त्या परत आल्या. नदीकाठी आम्ही गोल करून बसलो. काकू ओळ म्हणणार, आम्ही नुसते अर्थ नसलेले शब्द म्हणत गोधडी आपटून उजवीकडे सरकवणार. तासाभरात अशी काही लय लागली की कपडे धुवायला आलेली गावातली एक म्हातारी येऊन आमच्यात बसली आणि विचारू लागली, "बाय, ही कंच्या देवाची गानी?" काकू म्हणाल्या, "गोधडीची." म्हातारीला ते एकदम पटलं.

पण तिकडचा आणखी एक नियम होता. एका बैठकीत तेच गाणं दोनदा म्हणायचं नाही, म्हटलं तर कापड खराब होतं. भजनी मंडळाची सवय वेगळी, तिथे रंगलेलं पद पुन्हा धरतात. जोशीकाकूंनी भरात येऊन पहिलं गाणं परत धरलं आणि बाकीच्यांनी उचललं. काकूंनी हात वर केला. काम तिथेच बंद. आम्ही निथळणाऱ्या, अर्ध्या धुतलेल्या गोधड्या टेम्पोत घालून परत आलो. पाणी गळत राहिल्याने टेम्पोवाला वैतागला आणि गच्ची आठवडाभर ओली राहिली. जोशीकाकूंची गोधडी पुढच्या पावसाळ्यात खरंच उसवली. त्याचं खापर त्या अजूनही साबणावर फोडतात.

ही सगळी मजा. पण एक गाणं असं होतं की ज्याबद्दल काकू थट्टा चालू देत नसत.

फिनलंडमध्ये त्यांच्या शेजारी एक म्हातारी राहायची. सरहद्दीपलीकडच्या करेलियातून दुसऱ्या महायुद्धाच्या वेळी गाव सोडून आलेली. ती रडगाणी म्हणायची, म्हणजे गावात कुणी गेलं की तिला बोलावणं येई. नुसतं रडणं नव्हे. वरून खाली उतरत येणारा एकच सूर, त्यावर त्या त्या माणसासाठी जुळवलेले शब्द, आणि गेलेल्याचं नाव एकदाही घ्यायचं नाही. नाव घेतलं तर तो मागे वळून बघतो, मग त्याला पुढे जाववत नाही. तिच्या मुलींनी ते घेतलं नाही, त्यांना लाज वाटायची. तिने ते काकूंना दिलं आणि वचन घेतलं की एका तरी माणसाच्या हाती देशील. आता तो सूर त्या गावच्या पद्धतीने म्हणणारं दुसरं कुणी उरलेलं नव्हतं. फिनलंडमधून एक संशोधक मुलगा त्यासाठी मुद्दाम डोंबिवलीत आला, तेव्हा हे मला कळलं. उंच, लाजाळू मुलगा. काकूंनी त्याला दोन दिवस ताक घुसळायला लावलं, लसूण सोलायला लावला, आणि तो सगळं आनंदाने रेकॉर्ड करत राहिला. तिसऱ्या दिवशी त्याने रडगाण्याचं विचारलं.

काकू म्हणाल्या, "कोण गेलंय?"

कुणी नाही, तो म्हणाला. पण हे जतन व्हायला हवं. काकूंनी माझ्याकडे बघून मराठीत सांगितलं की त्याला सांग, लोणचंसुद्धा खाण्यासाठी घालतात, बरणी भरलेली दिसावी म्हणून नाही. मी माझ्या इंग्रजीत जमेल तसं सांगितलं. त्याने रेकॉर्डर बंद करून पिशवीत ठेवला. जाताना काकूंच्या पाया पडला, बहुधा इथे तसं करतात असं त्याने कुठेतरी वाचलं असावं.

मला राग आला होता. रात्री मी भांडले. म्हटलं, मग कुणाला देणार तुम्ही ते? यजमान गेले तेव्हा म्हटलंत का? माझ्या तोंडून ते निसटलं. काकू चिडल्या नाहीत. त्यांनी मोजे काढले, नीट गुंडाळले, परत घातले.

"नाही म्हटलं," त्या म्हणाल्या. "घर भरलं होतं. सगळे म्हणत होते, रडू द्या तिला. म्हणून मी रडले. पोचवायचं काम राहूनच गेलं गं. माझ्या हातात होतं, आणि मी नुसती रडत बसले."

त्यानंतर मी तो विषय चेष्टेवर नेला, कारण दुसरं काय करायचं ते मला सुचत नव्हतं. काकूंचा खोकला वाढत चालला होता. दोन जिने चढल्या की त्या कठड्याला टेकून उभ्या राहायच्या, आणि त्या खोकल्याबरोबर तो सूरही जाणार हे दोघींना दिसत होतं. मी घरातल्या मरू घातलेल्या वस्तू सुचवू लागले. मिक्सर जळला तेव्हा म्हटलं, याच्यासाठी म्हणा. काकूंनी त्यावर खरोखर विचार केला आणि म्हणाल्या की त्या मिक्सरवर कुणाचंच प्रेम नव्हतं. मग फ्रिज गेला. तो कंपनीने दुरुस्त करून दिला.

अशात माझं लग्न ठरलं. माजिवड्याला राहणारा, माझ्यासारखाच उशिरा लग्नाला तयार झालेला माणूस. दोघांनाही समारंभ नको होता, रजिस्टर करायचं आणि मोकळं व्हायचं. आईबाबा आदल्या दिवशी गावाहून येऊन काकूंकडेच उतरले. सकाळी मी आवरायला लागले तर काकू माझ्या आईला म्हणाल्या, "तुमची परवानगी असेल तर हिची वेणी मी घालते." आईला वाटलं, हौस असेल. काकूंनी मला खाली पाटावर बसवलं, मागे स्टुलावर बसल्या, तेलाची वाटी घेतली, माझे केस सोडले.

आणि तो सूर सुरू झाला. वरून खाली, पायरी पायरीने उतरणारा. मी मान वळवायला गेले तर त्यांनी केस धरून मान सरळ केली. एक ओळ त्या म्हणायच्या आणि कंगव्याने टोचून मला म्हणायला लावायच्या. शब्द मराठीत होते. म्हातारीनेच सांगून ठेवलं होतं की शब्द ऐकणाऱ्याच्या भाषेत घालावेत. जिने मला पोटात वागवलं, जिच्या हातचं मी खाल्लं, तिच्या उंबऱ्यावरून मी निघाले. आईचं नाव नाही, बाबांचं नाही. जो मला खांद्यावर घेऊन बाजारात गेला, तो आता कुणाला खांद्यावर घेईल. बाबा गॅलरीत उभे होते, ते आत येऊन दाराशीच थांबले. मला रडू फुटलं तशी काकूंनी जोराने केस ओढले. "सूर तुटू देऊ नकोस. रडायचं ते गाणं रडेल, तू म्हण." वेणी संपली तेव्हा गाणं संपलं. आई काकूंचा हात धरून बसली होती. आमच्याकडे मुलगी वाटेला लावताना सगळेच रडतात, पण मी ज्या घरातून निघाले ते घर कुणी असं मोजून माझ्यासमोर ठेवलं नव्हतं.

निघताना मी काकूंना विचारलं की ते लग्नातही म्हणतात हे इतकी वर्षं का नाही सांगितलं.

"सांगितलं असतं तर तू नुसतं गाणं ऐकायला लग्न केलं असतंस," त्या म्हणाल्या.

आता त्यांचं कर्ज फिटलं, असं मला वाटलं होतं. पण एकदा ऐकलं आणि सोबत म्हटलं म्हणजे आलं असं होत नाही. ते आपल्याला येतं का, हे मला कुठे तपासून बघायची सोय नव्हती. माजिवड्याच्या घरात मी ताक घुसळताना घुसळायचं गाणं म्हणे, नवरा आपला आनंदाने ताक पिई. तो सूर मात्र मी नुसता मनातही आणला नाही. काकूंचा कायदा मला लागू झाला होता.

त्या गेल्या या वर्षी, उन्हाळ्याच्या सुरुवातीला, झोपेत. त्यांचा पुतण्या पुण्याहून निघाला होता. मी पोचले तेव्हा जोशीकाकू आणि मंडळातल्या बायका त्यांना अंघोळ घालत होत्या. मी विचारलं, मोजे कुठे आहेत? गुरुजी बाहेरून म्हणाले, मोजे कशाला? जोशीकाकूंनी कपाटातून लोकरीचे मोजे काढून दिले. मी पायाशी बसले, एक मोजा हातात घेतला आणि घाबरत घाबरत वरचा सूर लावला.

माझा आवाज चिरका आहे, तो तसाच लागला. पण खाली उतरायची वाट मला सापडली. ज्यांनी मला दारातच कामाला लावलं, ज्यांची हाक ऐकून गायी घरी आल्या, ज्यांनी माझे केस विंचरून मला वाटेला लावलं. मंडळातल्या बायकांनी मध्येच हुंकार धरला, गोधडीच्या वेळी धरला होता तसा, फक्त हळू. जोशीकाकू या वेळी ओळ परत म्हणाल्या नाहीत. दुसरा मोजा घालून झाला तेव्हा मी थांबले. नाव घेतलं नव्हतं, म्हणून इथेही लिहिलेलं नाही. यजमानांना पोचवायचं राहिलं होतं, त्यांच्यासाठी मी एक ओळ जास्तीची घातली, ती काकूंना चालली असती की नाही हे मला माहीत नाही. गायी काही आल्या नाहीत. इतकं सगळं जुळून येत नाही कधी.

सगळं आटोपल्यावर जिन्यात सेक्रेटरी उभे होते. वाट अडवून, हातात फोन.

"मघाशी म्हणालीस ते परत म्हणशील का? रेकॉर्ड करून ठेवतो. ग्रुपवर नाही टाकणार."

मी नाही म्हटलं. एका दिवसात दोनदा म्हणत नाहीत, आणि काम नसताना तर नाहीच. त्यांनी फोन खिशात ठेवला, पण ते बाजूला झाले नाहीत.

"मग पुन्हा कधी?"

"कुणी घरातून जाणार असेल तेव्हा. मरायलाच हवं असं नाही. तिकडे मुलं लढाईवर निघाली की त्यांच्यासाठीही म्हणायचे."

ते कठड्याला धरून खाली पार्किंगकडे बघत राहिले. गाडी तिथेच होती, आता जुनी झालेली.

"आमचा मुलगा कॅनडाला चाललाय," ते म्हणाले. "गणपतीनंतर. परत यायचं काही बोलत नाही. बॅगा आणून ठेवल्यात, अजून भरायला घेतल्या नाहीत."

"भरू नका," मी म्हटलं. "मी येते. कपड्यांच्या घड्या तुम्ही घालायच्या."